‘कुठून आले?’ या प्रश्नापलीकडे

इंदिरानगराहून पाथर्डी फाट्याकडे निघालं की पांडवलेण्यांचा डोंगर दिसू लागतो. तिथल्या दहाव्या लेण्यात क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याचा शिलालेख आहे. लेणं कोरलं बौद्ध भिक्षूंसाठी. पण लेखात आधी येतात त्या ब्राह्मणांना दिलेल्या तीन लाख गाई, देवाब्राह्मणांना दिलेली गावं, तीर्थांवरची दानं, आणि मग कुठे लेणं. पुण्यकर्मांच्या एकाच हिशेबात दोन्ही धर्म बसले आहेत आणि त्यात उषवदाताला काही वावगं वाटलेलं दिसत नाही. सतराव्या लेण्याचा दाता इंद्राग्निदत्त तर स्वतःला यवन म्हणवतो. धर्मांचा तौलनिक अभ्यास करू पाहणाऱ्याला नाशकात साहित्याची वाण पडू नये. (आमच्या इंदिरानगरात एका चौकाला चक्क चार्वाकाचं नाव आहे, तेही कुंभमेळ्याच्या गावात.)

हे लेख एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर वाचायला घेतले ते प्रामुख्याने स्कॉटिश मिशनऱ्यांनी. नाशिकच्या लेखांवर जॉन स्टीव्हनसनने लिहिलं. पश्चिम भारतातल्या लेण्यांची नोंद करण्यासाठी मुंबईत जी समिती नेमली गेली तिचा अध्यक्ष होता जॉन विल्सन, ज्याच्या नावाचं कॉलेज आज गिरगाव चौपाटीवर आहे. याच विल्सनने १८४३ मध्ये पारशी धर्मावर जाडजूड ग्रंथ लिहिला. आणि त्याच्याही आधी, १८३२ मध्ये, त्याने मराठीतून हिब्रूचं व्याकरण छापलं होतं. ते कोणासाठी, या प्रश्नापासून महाराष्ट्रातल्या ज्यू धर्माच्या अभ्यासाचा आढावा सुरू होतो.

ते होतं बेने इस्राएलांसाठी. अलिबाग-पेण-मुरुडच्या पट्ट्यात तेलाचे घाणे चालवणारी, शनिवारी घाणा बंद ठेवते म्हणून ‘शनवार तेली’ म्हणवली जाणारी ही ज्यू जमात. आडनावं किहीमकर, राजपूरकर, दिवेकर, पेणकर, अष्टमकर. घरची भाषा मराठी. अठराव्या शतकापासून ती मुंबईत येऊ लागली, कंपनीच्या पलटणीत भरती झाली, आणि १७९६ मध्ये सॅम्युएल इझिकेल दिवेकर या पलटणीतल्या अधिकाऱ्याने मांडवीला पहिलं सिनेगॉग बांधलं. बेने इस्राएल त्याला ‘मशीद’ म्हणत. सुंता, शब्बाथ, मासळीतले खवले-पर पाहून खाणं-टाळणं आणि ‘शेमा’ ही प्रार्थना एवढं त्यांनी टिकवलं होतं. हिब्रू ग्रंथ त्यांच्यापाशी नव्हते.

विल्सनचा हेतू उघड होता: यांना यांचंच शास्त्र वाचायला शिकवावं, म्हणजे ते आपोआप ख्रिस्ताकडे येतील. ते आले नाहीत. मिशनच्या शाळांत बसून त्यांनी हिब्रू शिकून घेतलं, मराठी बायबलातला जुना करार वाचला, आणि अधिक पक्के ज्यू होऊन बाहेर पडले. मिच न्यूमार्क या इतिहासकाराने हा उलटा परिणाम कागदपत्रांतून चांगला दाखवला आहे. कोचीनहून आलेले धर्मशिक्षक आणि बगदादहून येऊन मुंबईत बसलेले ससून यांच्यासारखे श्रीमंत ज्यू यांचाही हातभार लागला. पण बेने इस्राएलांच्या धर्माला ग्रंथाचं वळण लागलं त्यात मिशनच्या फळ्यावरच्या हिब्रू अक्षरांचा वाटा मोठा होता. जोसेफ इझिकेल राजपूरकर (१८३४–१९०५) हा त्या वळणाचा मोठा माणूस. मुंबईतल्या डेव्हिड ससून यांच्या शाळेचा हेडमास्तर, मुंबई विद्यापीठाचा हिब्रूचा परीक्षक, आणि हिब्रू प्रार्थनापुस्तकांचा मराठी भाषांतरकार. त्याच्या कामाची यादी लांबलचक आहे. मराठी गद्याच्या इतिहासांत हे नाव शोधावं लागतं.

या अभ्यासाचं पुढे काय झालं? माझं म्हणणं असं, की तो ‘हे कुठून आले’ या एका प्रश्नात अडकला. ‘इथे राहून हे मराठीत काय बोलले’ हा प्रश्न मागे पडला, आणि विद्वत्तेच्या दृष्टीने खरा कस त्या दुसऱ्या प्रश्नाचाच होता.

पहिल्या प्रश्नाचा पसारा थोडक्यात सांगतो. परंपरा म्हणते, अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर गलबत फुटलं आणि सात जोडपी वाचली. १८३० साली जन्मलेले हाईम सॅम्युएल किहीमकर यांनी जमातीचा इतिहास इंग्रजीत लिहून १८९७ मध्ये पुरा केला. त्यात हे आगमन इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या शतकात, अँटिओकस राजाने ज्यूंच्या केलेल्या छळाच्या काळात बसवलं आहे. पुरावा काय? बेने इस्राएलांच्या जुन्या सणांत हनुक्का नव्हता; म्हणजे तो सण सुरू होण्याआधीच यांनी मायभूमी सोडली असली पाहिजे. युक्तिवाद चतुर आहे आणि तितकाच पोकळ. पुस्तक, पुजारी आणि मंदिर यांवाचून शतकानुशतकं राहिलेली जमात कितीतरी गोष्टी विसरू शकते. नसलेल्या सणावरून सन काढता येत नाही. मैमोनिदेस या ज्यू तत्त्वज्ञाच्या सन १२०० च्या आसपासच्या एका पत्रात हिंदुस्थानातल्या ज्यूंचा ओझरता उल्लेख आहे, त्यांना शब्बाथ आणि आठव्या दिवशीची सुंता एवढंच ठाऊक आहे असा. तो कोकणाबद्दल की आणखी कुठल्या किनाऱ्याबद्दल, यावर बरीच शाई खर्च झाली. डेव्हिड राहाबी नावाचा कोणी आला, बायकांनी मासळी निवडताना काय बाजूला काढलं ते पाहून त्याने यांना ज्यू म्हणून ओळखलं आणि झिराडकर, राजपूरकर, शापूरकर या तीन घराण्यांना काजीपद दिलं, ही कथाही तशीच. राहाबीचा काळ कोणी अकराव्या शतकापर्यंत मागे नेतात, कोणी अठराव्या शतकातल्या कोचीनच्या राहाबी घराण्याशी त्याला जोडतात.

हा वाद नुसता पुस्तकी असता तर सोडून देता आला असता. पण इस्राएलला गेलेल्या बेने इस्राएलांना साठीच्या दशकात याच प्रश्नाचे चटके बसले. १९६२ मध्ये तिथल्या मुख्य धर्मपीठाने फर्मान काढलं, की यांच्याशी लग्न लावण्याआधी वंश तपासावा. कोकणातल्या मराठी माणसांना आपल्या आज्या-पणज्यांचे दाखले कुठून आणायचे हे कळेना. ते जेरुसलेममध्ये ठिय्या देऊन बसले आणि ऑगस्ट १९६४ मध्ये इस्राएलच्या संसदेला सांगावं लागलं, की बेने इस्राएल हे सर्वार्थाने ज्यू आहेत. उगमाचा शोध घेणाऱ्या विद्वानाच्या टाचणांवर असं कोणाचं तरी लग्न टांगलेलं असू शकतं. २०१६ मध्ये जनुकांचा अभ्यास प्रसिद्ध झाला, त्यात ज्यू आणि भारतीय दोन्ही वंशांचा भरघोस वाटा निघाला. म्हणजे घरातल्या माणसांना जे आधीच माहीत होतं तेच.

किहीमकरांच्या पुस्तकाची कहाणी मात्र सांगण्यासारखी आहे. लेखकाच्या हयातीत ते छापलं गेलं नाही; १९०९ मध्ये ते वारले. ते छापलं गेलं १९३७ मध्ये, तेल अवीवला. छापणारे इमॅन्युएल ओल्सवँगर हे संस्कृतचे जाणकार. यहुदी राष्ट्राच्या मागणीला गांधीजींचा पाठिंबा मिळवायला १९३६ मध्ये ते हिंदुस्थानात आले होते. पाठिंबा मिळाला नाही, पण हस्तलिखिताचं सोनं झालं. याच गृहस्थांनी पुढे भगवद्‌गीता हिब्रूत नेली. आपल्याकडच्या ज्यूंचा पहिला मोठा इतिहास आणि हिब्रू गीता एकाच माणसाच्या हातून जगासमोर आली, हे आपल्याकडे फारसं कोणी सांगत नाही.

स्वातंत्र्यानंतरचं काम भरीव आहे, पण जवळजवळ सगळं इंग्रजीत. शिफ्रा स्ट्रिझोवर यांनी १९७१ मध्ये मुंबईच्या बेने इस्राएलांवर पुस्तक लिहिलं. गोरे आणि काळे इस्राएल हा जमातीतला भेद, म्हणजे आपल्या जातीची त्यांच्यावर पडलेली सावली, त्यांनी नीट मांडली. बेंजामिन जे. इस्राएल हे जमातीतलेच. १९८४ मधल्या त्यांच्या लेखसंग्रहात दंतकथांकडे पाहण्याची कोरडी, सरकारी फाईल तपासावी तशी नजर आहे आणि ती मला सगळ्यांत भावते. शर्ली इझेनबर्ग यांचा १९८८ चा ग्रंथ म्हणजे साधनांचं कोठार. दुसऱ्याच वर्षी आलेला जोन रोलंड यांचा ग्रंथ ब्रिटिश अमदानीतल्या ज्यूंच्या राजकारणावर आहे. शाल्वा वाइल यांनी इस्राएलमध्ये जाऊन वसलेल्या बेने इस्राएलांमध्ये राहून अभ्यास केला. योम किप्पुर या प्रायश्चित्ताच्या दिवसाला आपल्या बायाबापड्या ‘दरफाळणीचा सण’ म्हणत आणि त्या दिवशी दारं लावून घरात बसत, या साध्या बाबीकडे त्यांनी लक्ष वेधलं. जुने सण असेच मराठी वळणाचे होते: नव्याचा सण, खिरीचा सण, बिरड्याचा रोजा. ज्यू पंचांग, कोकणचं स्वयंपाकघर आणि मुसलमानी उपासाचा शब्द इतके एकमेकांत मुरलेले, की कुठलं काय हे सोलून काढायला गेलं तर हातात टरफलंच राहावीत.

आणि आता मलिदा. बेने इस्राएलांच्या घरात नवस फेडायचा असो, लग्न असो, बारसं असो, परदेशी जायचं असो, एलियाहू हानबी या बायबलातल्या संदेष्ट्याच्या नावाने मलिदा होतो. मोठ्या ताटात भिजवलेले पोहे, त्यात साखर किंवा गूळ, खवलेला नारळ, वेलची, बदाम-बेदाणे. ढिगाभोवती फळं मांडलेली, बहुधा वर एखादं गुलाबाचं फूल. घरची आणि शेजारची माणसं ताटाभोवती जमतात. हिब्रू प्रार्थना होते, एलियाहूचं गाणं होतं, मग झाडाच्या फळाचा आशीर्वाद वेगळा, भुईतून आलेल्या जिनसाचा वेगळा, असे एकेक म्हणून प्रसाद वाटला जातो. अलिबागजवळ सागाव-खंडाळ्याला एका कातळावर खुणा आहेत; स्वर्गात जाताना एलियाहूच्या रथाची चाकं आणि घोड्यांच्या टापा उमटल्या अशी श्रद्धा आहे. ‘एलियाहू हानबीचा टापा’ म्हणून तिथे आजही लोक जातात. जगातल्या दुसऱ्या कुठल्याच ज्यूंना हा टापा ठाऊक नाही.

मलिद्यावर अभ्यासकांचे तीन तर्क आहेत. एक, हे बायबलातल्या मंदिरातल्या अन्नार्पणाचं जपलेलं रूप. दोन, ही सत्यनारायणाची ज्यू आवृत्ती. तीन, नावावरूनच दिसतं तसा हा पिराच्या दर्ग्यावरचा मलिदा. तिन्हींना आधार आहे, आणि तिघांचीही चूक एकच: प्रत्येक जण ताटातला एक जिन्नस उचलून ताट कोणाचं ते सांगतो. माझ्या मते खरं पाहायचं ते एलियाहूकडे. ज्यूंच्या घरात सुंतेच्या वेळी त्याची खुर्ची असते, वल्हांडणाच्या जेवणात त्याचा पेला असतो. कुराणात तो इल्यास म्हणून येतो. लोकांच्या श्रद्धेत तो वाट चुकलेल्याला भेटणारा, अडल्यानडल्याला पावणारा. मंदिर नाही, पुजारी नाही, ग्रंथ नाही अशा जमातीला जो संदेष्टा बिनपुस्तकाचा हाताशी होता तो हाच. कोकणातल्या शेजाऱ्यांना नवसाला पावणारा म्हणजे काय हे समजावून सांगावं लागत नव्हतं. म्हणून तो इथे मोठा झाला. ही उसनवारी नव्हे. स्वतःच्याच घरातलं एक भांडं अधिक वापरात आलं. रा. चिं. ढेरे यांनी १९८४ मध्ये ‘श्रीविठ्ठल : एक महासमन्वय’ लिहिताना जी पद्धत वापरली, म्हणजे देव कुठून आला हे शोधताना तो कोणाकोणाचा झाला याचाही माग ठेवायचा, ती मलिद्याला लावून पाहायला हवी होती.

छापील साधनांतही अशीच श्रीमंती आहे. १८७४ मध्ये पुण्यात विठ्ठल सखाराम अग्निहोत्री यांच्या छापखान्यात हिब्रू आणि मराठीत वल्हांडणाची पोथी, म्हणजे हगादा, शिळाप्रेसवर छापली गेली. चित्रांचं मूळ वळण युरोपातल्या जुन्या हगादांचं. पण बेखमीर भाकरी करणाऱ्या बायका पाहाव्यात: लुगड्यातल्या, जमिनीवर बसलेल्या, पीठ मळणाऱ्या, लाटणाऱ्या, भाजणाऱ्या. एका अग्निहोत्र्याच्या छापखान्यात मिसरातून सुटकेची कथा मराठीत उतरते, यावर मराठी मुद्रणाच्या इतिहासात एखादं प्रकरण सहज व्हावं.

त्याच पुण्यात तेरा वर्षांनी एक वेगळंच पुस्तक निघालं, आणि इथून आपण गूढवादाकडे वळू. अब्राहम डेव्हिड इझिकेल हा पुण्याचा बगदादी ज्यू. मादाम ब्लाव्हाट्स्की आणि कर्नल ऑलकॉट यांची थिऑसॉफिकल सोसायटी १८७९ मध्ये मुंबईला आली, त्या वाऱ्यात तो सापडला. प्राचीन गुप्तज्ञान सगळ्या धर्मांच्या मुळाशी एकच आहे, हा त्या मंडळींचा सिद्धान्त. इझिकेलला वाटलं, तसं ज्ञान आपल्या घरी, कब्बाला या ज्यूंच्या गुह्य परंपरेत, आहेच की. १८८७ मध्ये त्याने ‘झोहर’ या कब्बालेच्या मुख्य ग्रंथातला ‘इद्रा झुटा’ हा भाग बगदादी ज्यूंच्या अरबीत आणून पुण्यात छापला. या भागात शिमोन बार योहाय हा गुरू मृत्यूच्या दिवशी शिष्यांना अंतिम रहस्यं सांगतो. धर्मपंडित खवळले. असं गुह्य चारचौघांच्या भाषेत कसं आणता, हा आक्षेप. त्याच साली लंडनमध्ये मॅकग्रेगर मॅथर्सने हाच भाग लॅटिनवरून इंग्रजीत छापला, म्हणजे पुणं लंडनच्या मागे नव्हतं. आणि पुण्याचा अनुवादक तर परंपरेच्या आतला होता.

आपल्याला हा वाद परका वाटायचं कारण नाही. कब्बालेचे अभ्यासक गेर्शोम शोलेम यांच्या संशोधनानंतर बहुतेक विद्वान मानतात, की झोहर स्पेनमध्ये तेराव्या शतकाच्या अखेरीस रचला गेला आणि त्यात मोझेस दे लेओन याचा हात होता. ज्ञानेश्वरी शके १२१२ ची, म्हणजे १२९० ची. दोन्ही ग्रंथ आपापल्या धर्मग्रंथावरचं भाष्य, दोन्ही त्या भाष्याच्या मिषाने भलतंच मोठं काही सांगणारे. पण स्पेनमधल्या लेखकाने त्या काळी तिथे कोणी बोलत नसलेली अरामी भाषा निवडली आणि पुस्तक हजार वर्षांपूर्वीच्या ऋषीच्या नावावर खपवलं. आळंदीच्या पोराने संस्कृत बाजूला ठेवून घरची बोली घेतली आणि स्वतःचं नाव लावलं. दोघांचा एकमेकांशी काही संबंध नाही. साल जुळलं हा योगायोग. तरी गूढ कोणाला सांगावं आणि कोणत्या भाषेत, यावर एकाच काळात दोन इतकी वेगळी उत्तरं मिळाली, हे तुलनेच्या अभ्यासकाला पुरेसं खाद्य आहे.

गूढवादाच्या तुलनेचा महाराष्ट्रातला पाया गुरुदेव रा. द. रानडे यांचा. त्यांचा ‘मिस्टिसिझम इन महाराष्ट्र’ हा ग्रंथ १९३३ मध्ये पुण्यातून निघाला. ज्ञानेश्वरांचा गूढवाद बौद्धिक, नामदेव आणि त्यांच्या सांगात्यांचा लोकशाहीवादी, एकनाथांचा समन्वयवादी, तुकारामांचा व्यक्तिनिष्ठ, रामदासांचा कर्मप्रवण, ही त्यांची विभागणी आजही कॉलेजच्या वह्यांत उतरवली जाते. निंबाळला बसून स्वतः नामसाधन करणाऱ्या या प्राध्यापकाची धारणा होती, की सगळ्या देशांतले, सगळ्या काळातले साक्षात्कारी एकाच बिरादरीचे. आठ वर्षांनी, १९४१ मध्ये, शोलेम यांचा ज्यू गूढवादावरचा ग्रंथ आला आणि त्यांनी सुरुवातीलाच उलटी भूमिका घेतली: हवेतला गूढवाद असा नसतोच, असतो तो अमुक धर्माचा, अमुक लोकांचा. पुढे १९७८ मध्ये स्टीव्हन कॅट्झ यांनी ही बाजू ताणून धरली, की अनुभवही आधीच्या शिकवणीतूनच घडतो.

रानड्यांचा आदर ठेवून सांगतो, या झगड्यात माझा कल शोलेमकडे आहे. पण एका मुद्द्यावर मराठी वाचक शोलेमपुढे दोन पावलं आहे. शोलेम म्हणत, ज्यू साधक देवाला बिलगतो, विरघळत नाही, अंतर राहतंच. मोशे इडेल यांनी १९८८ मध्ये हे खोडलं आणि ऐक्याची भाषा बोलणारे ज्यू साधक पुढे मांडले. पाश्चात्त्य अभ्यासक या दोन टोकांत बराच काळ फिरले. वारकऱ्यांच्या घरात मात्र हा तिढा जुना आहे. ज्ञानदेवांनी अद्वैतातही भक्ती शक्य आहे असं ‘अमृतानुभवा’त मांडलं आणि तुकोबांनी मोक्षाला चक्क नकार देऊन भक्तपणच मागितलं. ऐक्य की अंतर, यापैकी एक निवडा, हा आग्रहच त्यांना मान्य नव्हता. कब्बालेच्या अभ्यासाला मराठीतून देण्यासारखं असं काही आहे.

बोआझ हुस या इस्राएली अभ्यासकाने तर वेगळाच सुरुंग लावला. कब्बालेला ‘ज्यू गूढवाद’ म्हणणं हीच आधुनिक काळातली घडवणूक आहे, असं त्यांचं २०२० मधलं पुस्तक सांगतं; तिच्या घडणीत थिऑसॉफीसारख्या चळवळींचा वाटा कसा होता हे दाखवताना त्यांनी पुण्याच्या इझिकेललाही उजेडात आणलं. मग ज्ञानेश्वर-तुकारामांना ‘मिस्टिक’ म्हणणं ही तरी कोणाची घडवणूक, हा प्रश्न आपल्या दाराशी येतो. रानड्यांच्या वर्गवारीला हा प्रश्न विचारण्याचं धाडस आपल्या तत्त्वज्ञान विभागांनी अजून दाखवायचं आहे.

तौलनिक धर्माची ओढ मराठी माणसाला नव्हती असं मुळीच नाही. विठ्ठल रामजी शिंदे १९०१ मध्ये ऑक्सफर्डच्या मँचेस्टर कॉलेजात गेले ते याच विषयासाठी, आणि बडोद्याच्या सयाजीरावांनी त्यांना मदत केली. ढेऱ्यांनी मुसलमान मराठी संतकवींवर लिहिलं, साने गुरुजींनी इस्लामी संस्कृतीवर. हिंदू, बौद्ध, इस्लाम, ख्रिस्ती, थोडे पारशी, असा आपला तुलनेचा पाट मांडला जातो. ज्यूंची जागा मराठी विश्वकोशातल्या नोंदीपाशी संपते. मराठी ज्यूंची संख्या आता भारतात पाच हजारांच्या आत आली, हे एक कारण सांगितलं जातं. ते पुरतं पटत नाही. पांडवलेण्यांत तर आज एकही भिक्षू राहत नाही, म्हणून उषवदाताचा लेख वाचायचा थांबला नाही. खरी अडचण भाषांची आहे. ज्यांना हिब्रू येतं त्यांना ओवी-साकी-दिंडी कळत नाही, ज्यांना ती कळते त्यांना हिब्रू वर्णमाला येत नाही.

कीर्तनाचंच घ्या. १८८० च्या सुमारास मुंबईतल्या बेने इस्राएलांनी बायबलातल्या कथांवर मराठी कीर्तनं सुरू केली: अब्राहम, योसेफ, मोशे, सगळे पूर्वरंग-उत्तररंगाच्या बैठकीत, साकी-दिंडीच्या चालीत. त्याआधी अहमदनगरला कृष्णराव सांगळे यांनी ख्रिस्ती कीर्तन उभं केलं होतं आणि पुढे नाशिकशी नातं असलेले ना. वा. टिळक ख्रिस्ती भजन-अभंगाला घरोघर घेऊन गेले. म्हणजे अर्ध्या शतकाच्या आत नारदीय, ख्रिस्ती आणि ज्यू अशी तीन कीर्तनं एकाच भाषेत, एकाच वाद्यमेळावर उभी होती. योसेफाची कथा तर ज्यू आणि ख्रिस्ती दोघांचीही. ज्यू कीर्तनकार ती सांगताना कुठे थांबतो, ख्रिस्ती कीर्तनकार कुठे घाई करतो, आणि दोघेही हरिदासाकडून विनोदाची कोणती जागा उचलतात, हे ताडून पाहणं म्हणजे तौलनिक धर्माचा पहिल्या प्रतीचा अभ्यास. अ‍ॅना शुल्ट्झ या अमेरिकन संगीत-अभ्यासिकेने बेने इस्राएलांच्या कीर्तनावर चांगलं काम केलं आहे. त्याआधी त्या महाराष्ट्रातल्या राष्ट्रीय कीर्तनावरही पुस्तक लिहून बसल्या होत्या, म्हणून त्यांना ज्यू कीर्तनातलं कीर्तन दिसलं. इस्राएलमध्ये वसलेल्या बेने इस्राएल बायका ही पदं अजून म्हणतात. ‘मायबोली’ नावाचं मराठी नियतकालिकही तिथून निघत आलं आहे. हिब्रूची बावीस अक्षरं शिकायला एखाद्या मराठीच्या एम.ए.ला एक उन्हाळी सुट्टी पुरते. तीन कीर्तनांच्या संहिता शेजारी शेजारी मांडायला मात्र मराठी कानच लागेल.